‘अनाया’ आणि एक जादा काना

मुलींच्या नावांच्या याद्यांमधून आणि व्हॉट्सॲपवरून एक मजकूर बराच फिरतो. थोडक्यात तो असा: ‘अनाया हे दुर्मिळ, शुद्ध संस्कृत नाव आहे. अर्थ: जिच्यावर कोणी वरचढ नाही अशी, संपूर्ण स्वतंत्र. दुर्गेच्या १०८ नावांपैकी हे एक. पूजेच्या मंत्रातही येते. तीन अक्षरी असल्याने शास्त्रोक्त. या नावाच्या मुली मेष राशीच्या, म्हणून धाडसी. आणि जगातल्या सगळ्या भाषांत याचा अर्थ शुभच निघतो.’

नाव कानाला गोड आहे, त्याबद्दल तक्रार नाही. तक्रार आहे त्याच्या गळ्यात अडकवलेल्या या पाटीबद्दल. पाटीवरचे काही पूर्ण चूक आहे, काही अर्धे बरोबर आहे, आणि एक गोष्ट शेजारच्या नावाची उचलून इथे लावलेली आहे. एकेक पाहू.

‘शुद्ध संस्कृत, अर्थ जिच्यावर कोणी नाही अशी’

सगळ्यात जास्त पसरलेला दावा हाच, आणि गंमतही यातच आहे.

संस्कृतात शब्दाआधी नकार जोडायचा नियम सोपा आहे. पुढे व्यंजन असेल तर ‘अ’ लागतो: अज्ञान, अशांत. पुढे स्वर असेल तर ‘अन्’ लागतो: अनंत, अनादी. म्हणजे ‘अनाया’ दोनच जागी फुटू शकते. एक, अन् + आय. दोन, अ + नाय.

अन् + आय लगेच निकालात निघते. आय म्हणजे मिळकत. आयव्यय, आयकर यांतला तोच शब्द. त्यामुळे अनाया म्हणजे जिला मिळकत नाही ती. व्याकरणाने ही फोड बिनचूक आहे, तरी एकाही यादीत ती दिसत नाही. का, ते सांगायला नको.

आता अ + नाय. ‘नी’ म्हणजे नेणे. या धातूला घञ् हा नाम बनवणारा प्रत्यय लागून ‘नाय’ होतो; श्रि, नी आणि भू या धातूंना उपसर्ग नसताना घञ् लावायची सोय पाणिनीने ‘श्रिणीभुवोऽनुपसर्गे’ (३.३.२४) या सूत्रात केली आहे. नाय म्हणजे नेणे, मार्ग दाखवणे. बहुव्रीही समास, म्हणजे दोन्ही पदांबाहेरच्या तिसऱ्याचे वर्णन करणारा, असा तो सोडवला तर अनाया म्हणजे जिला वाट दाखवणारे कोणी नाही ती. यादीवाले इथे ‘अ + नायक’ अशी फोड देतात आणि ‘क’ गुपचूप गाळतात. पण तो ‘क’ सुटा नाही. नायक हा शब्द नी धातूला ण्वुल् हा प्रत्यय लागून बनतो, ण्वुल् चा ‘अक’ होतो, आणि ‘नेणारा’ हा कर्त्याचा अर्थ त्या ‘अक’ मध्येच असतो. तो काढला की नायकच जातो. नायक ठेवून नकार करायचा तर शब्द ‘अनायक’ होईल, आणि हा शब्द संस्कृतात खरोखर आहे. मोनियर-विल्यम्सच्या १८९९ च्या संस्कृत-इंग्रजी कोशात त्याचा अर्थ ‘ज्याला पुढारी नाही असा’ दिला आहे, आणि लगेच पुढे ‘बेशिस्त’. सुभाषित त्याहून रोखठोक:

अनायका विनश्यन्ति नश्यन्ति बहुनायकाः।

ज्यांना नायक नाही ते बुडतात, ज्यांना फार नायक आहेत तेही बुडतात. ‘वर कोणी नसणे’ ही गोष्ट संस्कृतात सहसा मोठेपणाची नसून निराधारपणाची असते. रोजच्या वापरातला पुरावा हवा असेल तर ‘अनाथ’ घ्या. अ + नाथ. नाथ म्हणजे स्वामी, सांभाळणारा. ज्याच्यावर कोणी स्वामी नाही, तो अनाथ. मजकुरातली व्याख्या शब्दशः लावली तर ती या शब्दाला चपखल बसते.

मग ‘हिच्याहून श्रेष्ठ कोणी नाही’ हे संस्कृतात कसे म्हणतात? त्यासाठी ‘अनुत्तमा’ आहे. न उत्तमो यस्याः, जिच्याहून उत्तम दुसरे कोणी नाही ती. पहिल्यांदा ऐकणाऱ्याला ‘उत्तम नसलेली’ असे वाटते, म्हणून हे नाव कोणी ठेवत नसावे. पण विष्णुसहस्रनामात ‘अनुत्तमो दुराधर्षः’ असे ते ८० व्या क्रमांकावर मानाने बसले आहे.

तरीही ‘जिच्यावर कोणी नाही’ हा अर्थ हवेतून आलेला नाही. त्याचा उगम त्याच विष्णुसहस्रनामात, ४०० व्या नावात सापडतो:

रामो विरामो विरजो मार्गो नेयो नयोऽनयः।

शेवटचे नाव ‘अनयः’. शंकराचार्यांच्या नावावर असलेल्या भाष्यात त्याचा उलगडा आहे: ‘नास्य नेता विद्यते’, याला नेणारा कोणी नाही. विष्णूबद्दल बोलताना हे गौरवाचे, कारण सगळ्यांना नेणारा तोच. लगतचे आधीचे नाव ‘नयः’, म्हणजे नेणारा. त्या जोडीत ‘अनयः’ वाचले की अर्थ उजळतो.

आता नीट पाहा: अ, न, य. ‘न’ ला काना नाही. मुलाचे नाव अनय. त्याला स्त्रीलिंगी ‘आ’ लावला, म्हणजे व्याकरणाच्या भाषेत टाप् केला, की होते ‘अनया’. याही नावात ‘न’ कोराच आहे. गोंधळ रोमन लिपीने केला असावा. संस्कृत शब्द इंग्रजी अक्षरांत लिहिताना ‘अनय’ ए-एन-ए-वाय-ए असा लिहितात, ‘अनया’ घाईत तसाच लिहितात, आणि ‘अनाया’ सुद्धा तसाच. तीन वेगळे शब्द, स्पेलिंग एक. इंग्रजी यादीतला ‘अनय’ चा अर्थ उचलून कोणीतरी देवनागरीत ‘अनाया’ समोर मांडला, आणि पुढच्या सगळ्या याद्यांनी तो तसाच उतरवून घेतला, असे दिसते.

‘अनय’ ची बाजूही पूर्ण स्वच्छ नाही, हे सांगितलेले बरे. कोशात नय म्हणजे नीती, आणि अनय म्हणजे अनीती, वाईट चाल, आपत्ती. स्तोत्राबाहेर हाच अर्थ आधी भेटतो. शिवाय मराठी गौळणींच्या जगात अनय हा राधेचा नवरा. त्यामुळे ‘अनया’ ठेवणाऱ्याने अर्थ विचारल्यावर ‘विष्णुसहस्रनामातल्या अनय वरून’ एवढे म्हणण्याची तयारी ठेवावी. तेवढे म्हटले की नाव भक्कम उभे राहते.

‘संपूर्ण स्वतंत्र’

हा अर्थ कोशातली शेजारपाजारची घरे फिरून आलेला वाटतो. संस्कृत कोशात या भागात अनायक, अनायत्त, अनायास, अनायुध असे शब्द लागतात. आयत्त म्हणजे दुसऱ्यावर अवलंबून, ताब्यातले. मराठी ‘स्वायत्त’ मधला आयत्त तोच. अनायत्त म्हणजे कोणाच्या ताब्यात नसलेला, स्वतंत्र. अर्थ बरोबर, शब्द अर्धा कापलेला. ‘स्वायत्त’ मधून ‘त्त’ काढून ‘स्वाया’ उरवली तर जितका अर्थ उरेल, तितकाच इथे उरतो.

काही याद्यांत ‘सहज, विनासायास’ असाही अर्थ दिसतो. तो ‘अनायास’ चे शेपूट तोडून मिळवलेला आहे. अन् + आयास, म्हणजे कष्टाविना. यात ‘स’ मूळ धातूचा भाग आहे (यस्, प्रयत्न करणे), त्यामुळे तो गाळता येत नाही. आणि जाता जाता: हा शब्द ज्या ओळीमुळे सर्वांत परिचित आहे ती ओळ आहे ‘अनायासेन मरणं विना दैन्येन जीवनम्’. बारशाच्या पत्रिकेवर छापण्याजोगी नाही.

‘पूजेच्या मंत्रात येते’

येतो तो शब्द ‘अनया’. पूजा संपताना उजव्या तळहातावर पळीभर पाणी घेऊन ते ताम्हनात सोडतात आणि गुरुजी सांगतात: ‘अनया पूजया श्रीसिद्धिविनायकः प्रीयताम्’. या पूजेने सिद्धिविनायक प्रसन्न होवो. यात ‘अनया’ कोणाचेही नाव नाही. ते सर्वनाम आहे. ‘इदम्’ म्हणजे ‘हा, ही, हे’, त्याचे स्त्रीलिंगी तृतीयेचे एकवचन: अनया, आभ्याम्, आभिः. पूजा स्त्रीलिंगी म्हणून ‘अनया पूजया’. पुढे पुल्लिंगी किंवा नपुंसकलिंगी शब्द आला की त्याच जागी ‘अनेन’ येतो: ‘अनेन पूजनेन’. देवीचे नाव असते तर पुढचा शब्द पाहून ते असे बदलले नसते.

गुरुजींच्या वेगात ‘अनया पूजया’ ऐकताना मधला स्वर लांबल्यासारखा वाटू शकतो, त्यामुळे ऐकणाऱ्याला दोष देण्यात अर्थ नाही. पोथी उघडली की न वर काना नसतो, एवढेच. शाळेत संस्कृत घेतलेल्या मुलांनी हे रूप घोकलेले असते. वर्गात ‘अनया’ नावाची मुलगी असेल आणि शब्दरूपांचा तास असेल, तर माना कोणाकडे वळतील हेही पालकांनी गृहीत धरावे.

‘दुर्गेच्या १०८ नावांपैकी एक’

तपासायला सर्वांत सोपा दावा. ‘सती साध्वी भवप्रीता भवानी भवमोचनी’ या ओळीने सुरू होणारे दुर्गाष्टोत्तरशतनाम कुठल्याही पोथीत मिळते. ‘अ’ वरची नावे शोधत वाचले तर अनंता, अभव्या, अपर्णा, अनेकवर्णा, अनेकशस्त्रहस्ता, अनेकास्त्रधारिणी, अप्रौढा, अग्निज्वाला भेटतात. अनाया भेटत नाही. आवाजाने जवळचे नाव हवेच असेल तर ललितासहस्रनामात ‘निरपाया निरत्यया’ आहे: निर् + अपाया, जिला नाश नाही ती. अर्थ सुरेख आहे. मात्र इथे ‘अपाया’ च्या आधी ‘निर्’ आहे म्हणून तो चांगला. नुसते शेवटचे दोन-तीन स्वर जुळले म्हणून दोन नावे एक होत नाहीत.

अशा दाव्यांपुढे एकच प्रश्न विचारावा: कुठले स्तोत्र, कितवा श्लोक? ‘अनय’ बद्दल विचारले तर उत्तर मिळते, ४०० वे नाव. ‘अनाया’ बद्दल विचारले तर ‘सगळीकडे लिहिलेले आहे’ असे उत्तर येते.

‘तीन अक्षरी, म्हणून शास्त्रोक्त’

अर्धे खरे आहे. पारस्कर गृह्यसूत्र या घरच्या संस्कारांच्या जुन्या ग्रंथात मुलीच्या नावाचा नियम असा: ‘अयुजाक्षरमाकारान्तं स्त्रियै तद्धितम्’ (१.१७.३). अक्षरे विषम असावीत, शेवटी आ असावा, आणि नाव तद्धित प्रत्ययाचे असावे. अ-ना-या: तीन अक्षरे, शेवटी आ. दोन अटी पूर्ण. तिसरीकडे मजकुराने डोळेझाक केली आहे. तद्धित म्हणजे तयार नामाला प्रत्यय लावून केलेला शब्द: विदेहावरून वैदेही, मिथिलेवरून मैथिली, द्रुपदावरून द्रौपदी. ‘अनाया’ ची वर दिलेली कोणतीही फोड घ्या, तिच्यात तद्धित नाही.

या नियमाचा बडगा फार उगारू नये, हेही खरे. सीता, गंगा, रमा, उमा ही सगळी दोन अक्षरी, सम संख्येची नावे. ती हजारो वर्षे निर्धास्त चालली. पण शास्त्राचाच हवाला द्यायचा तर मनुस्मृतीतला श्लोकही सोबत द्यायला हवा. दुसऱ्या अध्यायात ३३ व्या श्लोकात मुलीचे नाव कसे असावे याची यादी आहे: उच्चारायला सुखाचे, क्रूर नसलेले, मनोहर, मंगल, शेवटी दीर्घ अक्षर असलेले, आशीर्वाद सुचवणारे. ‘अनाया’ यातल्या बऱ्याच कसोट्यांना उतरते. त्याच यादीत आणखी एक शब्द आहे, ‘विस्पष्टार्थम्’. अर्थ स्पष्ट असलेले. तिथे अडते.

‘मेष राशीच्या, म्हणून धाडसी’

इथे गाडी उलटी जुंपली आहे. पंचांगाच्या पद्धतीत जन्मनक्षत्राच्या चरणावरून अक्षर निघते. नावाच्या अक्षरावरून जन्मरास ठरत नाही. ‘अ’ हे कृत्तिकेच्या पहिल्या चरणाचे अक्षर, आणि तो एकच चरण मेषेत पडतो. उरलेले तीन (ई, उ, ए) वृषभेत. मुलगी रेवतीवर जन्मली आणि आईबापांना आवडले म्हणून अनाया ठेवले, तर तिची जन्मरास मीनच राहते.

‘जगातल्या सगळ्या भाषांत शुभ अर्थ’

या नावाचा सर्वांत सरळ, कोशात मिळणारा आणि खरोखर सुंदर अर्थ अरबीत आहे, आणि मजकुरात तोच गाळला आहे. अरबीत ‘इनाया’ म्हणजे काळजी, लक्ष, देखभाल. ईश्वराबद्दल बोलताना, त्याने ठेवलेली काळजी. मुलीचे नाव म्हणून हा शब्द चालतो, आणि ‘अनाया’ हे त्याचे पहिला स्वर बदललेले रूप म्हणून बऱ्याच ठिकाणी ठेवले जाते. अरबी दवाखान्यात अतिदक्षता विभागाच्या पाटीवर ‘अल्-इनाया अल्-मुरक्कझा’ असे लिहितात, म्हणजे एकवटलेली देखभाल. शब्द किती जिवंत आहे ते यावरून कळावे.

मराठी माणसाला हा शब्द परका वाटायचे कारण नाही. अरबीतले असे ‘आ’ ने संपणारे बरेच शब्द फारसीच्या वाटेने आपल्याकडे आले तेव्हा शेवटी ‘त’ घेऊन आले: हिक्मा ची हिकमत, दौला ची दौलत, कीमा ची किंमत. त्याच वाटेने इनाया ची इनायत झाली, उर्दूत कृपा, मेहेरबानी. म्हणजे अर्थ विचारला तर ‘ईश्वराने घेतलेली काळजी’ असे सांगता येते, आणि तो अर्थ कोश उघडून दाखवता येतो. त्यासाठी मूळ उच्चार मात्र ‘इ’ ने सुरू होतो.

हिब्रूत ‘अनायाह’ आहे: देवाने उत्तर दिले. अर्थ छान, फक्त तो पुरुष आहे. बायबलमध्ये नहेम्याच्या पुस्तकात (८:४) एज्रा नियमशास्त्र वाचायला लाकडी मंचावर उभा राहतो, तेव्हा त्याच्या उजव्या हाताला उभ्या असलेल्यांत हा अनायाह आहे.

स्पेनमध्ये अनाया हे आडनाव आहे, मुलीचे नाव नव्हे. स्पेनबाहेर स्पॅनिश बोलणाऱ्या मुलखांतही ते आढळते. आणि बास्क भाषेत ‘अनाइया’ म्हणजे भाऊ, तोही पुरुषाचा भाऊ. बहीण आपल्या भावाला ‘नेबा’ म्हणते. त्या भाषेत दोन्हींना वेगळे शब्द आहेत. म्हणजे तिथे अर्थ अशुभ नाही, पण मुलीला ‘भाऊ’ म्हटल्यासारखे होईल. शुभ-अशुभ सोडा, ‘सगळ्या भाषांत एकच अर्थ’ असे कुठल्याच दोन-तीन अक्षरी नावाचे होत नाही. तेवढ्या थोड्या आवाजांत प्रत्येक भाषेने काहीतरी भरलेले असते.

मग ठेवायचे काय?

आवाज आवडला असेल तर अनाया ठेवायला कोणाची हरकत नाही. अर्थ सांगताना अरबी मूळ सांगावे. संस्कृतच हवे असेल तर काना काढून ‘अनया’ करावे आणि विष्णुसहस्रनामाचा दाखला द्यावा. ‘हिच्यासारखी दुसरी नाही’ असा अर्थ मनात असेल तर ‘अनन्या’ (अन् + अन्या) वर्षानुवर्षे तयार आहे. ‘निर्दोष’ हवे असेल तर अनघा: अघ म्हणजे पाप, तेच नसलेली. या दोन्हींची फोड करताना कुठलेही अक्षर गाळावे लागत नाही.

निर्णय झाला की कागदावर जपायचे ते त्या कान्यालाच. महाराष्ट्रात जन्मदाखला मराठी आणि इंग्रजी अशा दोन्हीत मिळतो, आणि इंग्रजी रकान्यात ए-एन-ए-वाय-ए एवढेच दिले तर मराठी रकान्यात अनया, अनाया, क्वचित अनय यांपैकी काहीही उतरू शकते. आधार नोंदणीत इंग्रजीवरून मराठी अक्षरे संगणक आपोआप सुचवतो, तिथेही हेच. त्यामुळे अर्जावर देवनागरी नाव स्वतःच्या हाताने, सुट्या ठळक अक्षरांत लिहावे. इंग्रजीतही फरक दिसावा असे वाटत असेल तर ‘अनाया’ साठी मधला ए दुहेरी करता येतो. पण एकदा जे स्पेलिंग घेतले तेच शाळा, आधार, पासपोर्ट सगळीकडे ठेवावे.

नाव ठरायच्या आधीच दाखला काढला असेल तर घाबरायचे कारण नाही. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ च्या कलम १४ प्रमाणे नाव नंतर भरता येते: नोंदणीपासून १२ महिन्यांपर्यंत विनाशुल्क, त्यानंतर १५ वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून. चूक छापून आली तर कलम १५ खाली दुरुस्ती होते. त्यात मूळ नोंद खोडत नाहीत, नोंदीशेजारच्या कोऱ्या जागेत दुरुस्ती लिहून निबंधक सही करतो. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्या मुलांसाठी शाळाप्रवेशापासून पासपोर्टपर्यंत जन्मतारखेचा आणि जन्मस्थळाचा पुरावा म्हणून हाच दाखला चालतो, त्यामुळे दुरुस्ती मागे ठेवू नये. खिडकीपलीकडून कच्ची प्रत दाखवायला आली की इंग्रजी ओळ सोडून आधी मराठी ओळ पाहावी, आणि ‘न’ वर बोट ठेवून काना आहे की नाही ते वाचून मगच सही करावी.